फ्रेंच सिनेमाचा कपडेपट: वेशभूषाकार होऊ पाहणाऱ्यांचे नेहमीचे प्रश्न

फॅशनचं शिक्षण घेणाऱ्या मुली, नाटकाच्या कपडेपटात राबणारे मित्र आणि नव्याने फ्रेंच शिकणारे विद्यार्थी हे प्रश्न मला वरचेवर विचारतात. मी काही वर्षं पुण्यात नाटकांचा कपडेपट सांभाळला. फ्रेंच सिनेमाचं वेड त्याच्याही आधीपासूनचं. जे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात ते इथे एकत्र केले आहेत. काही उत्तरं लांबली आहेत, कारण तिथे सांगण्यासारखं खूप आहे.

फ्रान्समध्ये सिनेमाचा वेशभूषाकार नेमकं काय करतो? फॅशन डिझायनरहून त्याचं काम वेगळं कसं?

फॅशन डिझायनर ज्या बाईसाठी कपडा बेततो, ती त्याच्या ओळखीची नसते. वेशभूषाकाराला मात्र ती बाई आतून-बाहेरून ठाऊक असावी लागते. तिच्याकडे पैसे किती आहेत? तिचे कपडे कोण धुतं? अंगावरचा कोट तिचा की मेलेल्या नवऱ्याचा? बाही कोपरापाशी झिजली आहे, ती टेबलाशी बसून की भांडी घासून? याची उत्तरं पटकथेत बहुतेक वेळा नसतात. ती शोधून कापडावर उतरवायची, एवढंच खरं काम. कपडा सुंदर असायलाच हवा असं नाही. कित्येकदा तो मुद्दाम वाईट मापाचा ठेवावा लागतो, कारण पात्राने तो उसना घेतलेला असतो.

फ्रेंच युनिटमध्ये या पदाला ‘क्रेआतर द कोस्त्यूम’ म्हणतात. त्याच्या हाताखाली ‘शेफ कोस्त्युमिए’ असतो, तो कपडेपट प्रत्यक्ष चालवतो. सेटवर नटांना कपडे चढवणारी, बटण तुटलं तर तिथल्या तिथे लावणारी, पावसाच्या दृश्यानंतर टॉवेल घेऊन धावणारी ती ‘आबियोझ’. मोठ्या चित्रपटात शिवणकामाची वेगळी कार्यशाळा असते, तिचा प्रमुख वेगळा. आणि एक माणूस असा असतो ज्याचं नाव प्रेक्षक कधीच वाचत नाहीत: नव्या कपड्याला जुना करणारा. त्याच्याबद्दल पुढे सांगते.

पटकथा हातात आल्यापासून शूटिंगपर्यंत काम कसं चालतं?

सुरुवात कागद-पेन्सिलीने होते. पटकथेची फोड करायची. फ्रेंच लोक याला ‘देपुईमाँ’ म्हणतात. कथेतला प्रत्येक दिवस वेगळा काढायचा, त्या दिवशी कोणतं पात्र कोणत्या कपड्यात आहे ते लिहायचं, आणि त्या कपड्याचं पुढे काय होतं तेही. शर्ट चौदाव्या दृश्यात फाटतो, पण चौदावं दृश्य आधी आणि तिसरं महिन्याने चित्रित होणार असेल, तर तोच शर्ट एक धड आणि एक फाटका असा हवा. त्यात रक्त किंवा पाऊस असेल तर तीन-चार नग हवेत, कारण दिग्दर्शक एका टेकवर थांबणार नाही. ज्याला हा हिशोब जमत नाही त्याची चित्रं कितीही देखणी असली तरी युनिटमध्ये तो टिकत नाही.

मग शोध सुरू होतो. पॅरिसच्या मारे भागात ओतेल द साँस नावाच्या जुन्या वाड्यात फोर्ने ग्रंथालय आहे. तिथे जुन्या मोठ्या दुकानांचे छापील कॅटलॉग जपलेले आहेत. सामान्य माणसाने कोणत्या साली कसला कोट विकत घेतला असेल हे राजघराण्याच्या तैलचित्रांतून कळत नाही, ते या कॅटलॉगांतून कळतं. कापडासाठी मोंमार्त्रच्या पायथ्याशी मार्शे सँ-पिएर, जुन्या वस्तूंसाठी सँ-तुआँचा बाजार. मोठ्या ऐतिहासिक चित्रपटांना सगळंच शिवून घेणं परवडत नाही, म्हणून गर्दीचे कपडे भाड्याने येतात. ते नुसते पॅरिसहून येत नाहीत. रोमची तिरेल्ली, लंडनची कॉस्प्रॉप, माद्रिदची पेरिस ही नावं फ्रेंच चित्रपटांच्या कपडेपटात नेहमी ऐकू येतात.

मुख्य पात्रांचे कपडे नव्याने बेतले जातात. आधी स्वस्त मांजरपाटात कच्चा साचा शिवतात, त्याला ‘त्वाल’ म्हणतात. नटाच्या अंगावर तो घालून, टाचण्या लावून, कापून, पुन्हा जोडून माप बसवतात. या मापाच्या बैठकीला मी फार मोल देते. नट पात्राच्या चालीने चालून पाहतो तो पहिल्यांदा इथे, सेटवर नंतर. कमरेला आवळलेल्या कॉर्सेटमध्ये श्वास छातीत वर सरकतो आणि बोलण्याचा वेग आपोआप बदलतो.

आणि मग ‘पातीन’, म्हणजे कपड्याला आयुष्य देणं. नवा कोट ओला करायचा, खिशात दगड भरायचे आणि टांगून ठेवायचा, म्हणजे खिसे वर्षानुवर्षं वापरल्यासारखे लोंबतात. कोपर आणि कॉलर पॉलिश पेपरने घासायचे. चहाच्या पाण्यात पांढऱ्याचा कोरेपणा मारायचा. मांडीवर मेण चोळायचं, म्हणजे शेतकऱ्याच्या विजारीवर जसा तेलकट तकाकीचा डाग पडतो तसा पडतो. हे काम करणाऱ्याला ‘पातिनर’ म्हणतात, आणि रंगारी व चित्रकार या दोघांची नजर त्याला लागते. नव्या कोऱ्या कपड्यातला भिकारी पडद्यावर दिसला की माझा त्या चित्रपटावरचा विश्वासच उडतो.

ऐतिहासिक चित्रपटात चूक कशी ओळखायची?

तीन ठिकाणी बघा: टाके, रंग आणि छाप.

टाके आधी. बार्तेलेमी तिमोनिए या फ्रेंच शिंप्याने शिवणयंत्राचं पेटंट १८३० मध्ये घेतलं. पॅरिसमध्ये त्याची यंत्रं लष्करी गणवेश शिवू लागली, आणि १८३१ मध्ये पोट जाण्याच्या भीतीने चिडलेल्या शिंप्यांनी ती फोडून टाकली. त्यामुळे अठराव्या शतकातल्या कथेत क्लोज-अपमध्ये कॉलरच्या कडेने यंत्राची सरळ, एकसारखी शिलाई दिसली तर ती चूक. पूर्वी ती खपून जायची. आताच्या डिजिटल कॅमेऱ्यासमोर खपत नाही. म्हणून चांगले वेशभूषाकार आतली शिवण यंत्राने आणि दिसणारी शिवण हाताने करून घेतात.

रंग. १८५६ मध्ये इंग्लंडात पर्किन या रसायनशास्त्रज्ञाने जांभळट मोव्ह हा पहिला कृत्रिम रंग शोधला आणि त्यानंतर तीनच वर्षांनी फ्रान्सच्या लिऑं शहरातल्या व्हेर्गँने भडक फुक्सिन बाजारात आणला. त्याच्या आधीच्या काळातली बाई त्या डोळ्यांत घुसणाऱ्या गुलाबी-जांभळ्यात दाखवली की काळ चुकला. उलट १८६० नंतरच्या कथेत सगळे जण मातकट रंगात फिरत असतील तर तेही खोटं, कारण या नव्या रंगांचं तेव्हा वेड लागलं होतं. भूतकाळ तपकिरी होता हा समज सिनेमानेच पसरवला आहे.

छापाची गोष्ट आपल्याला जवळची आहे. भारतातून जाणारं छापील सुती कापड फ्रान्समध्ये ‘आंदिएन’ नावाने इतकं लोकप्रिय झालं, की तिथल्या रेशीम आणि लोकरवाल्यांचं नुकसान होऊ लागलं. १६८६ मध्ये राजाने ते छापणं, विकणं यावर बंदी घातली. १७५९ पर्यंत ती चालली. लोक तरीही ते चोरून वापरत राहिले. बंदी उठल्यावर ओबेरकाम्फने झुई-आँ-झोझास या गावात स्वतःचा छापखाना काढला, आणि त्याचं ‘त्वाल द झुई’ जगभर गेलं. आता विचार करा: १७२० मधल्या कथेत एखादी सरदारीण फुलाफुलांच्या सुती कापडात दिसली, तर ती बाई नुसती नटलेली नाही, ती कायदा मोडते आहे. वेशभूषाकाराला हे माहीत असेल तर एका झग्यात अख्खं पात्र उभं राहतं. माहीत नसेल तर ती फक्त फुलं.

लष्करी कपड्यांत तर महिन्यांचाही फरक पडतो. ऑगस्ट १९१४ मध्ये फ्रेंच सैनिक लाल विजारी घालून युद्धावर गेले आणि दुरूनही स्पष्ट दिसत असल्याने टिपले गेले. क्षितिजासारखा निळा गणवेश १९१५ मध्ये आला. ‘अँ लाँ दिमाँश द फियाँसाय’ (२००४) या चित्रपटात १९१७ च्या जानेवारीतले खंदक आहेत. तिथे मादलीन फाँतेन यांच्या कपडेपटात तो निळा रंग चिखलाखाली गडप झालेला दिसतो. त्यांना त्या कामासाठी सेझार हा फ्रेंच सिनेमाचा मानाचा पुरस्कार मिळाला, आणि मला वाटतं तो त्या चिखलाला होता.

पण फ्रेंच सिनेमा म्हटलं की शनेल, सँ लोराँ या फॅशन घराण्यांची नावं येतात. वेशभूषा तेच करत नाहीत का?

काही वेळा केली आहे, आणि अप्रतिम केली आहे. ‘ला रेग्ल द्यू झ्यू’ (१९३९) मध्ये कपडे शनेलचे होते. ‘लानी देर्निएर आ मारियेनबाद’ (१९६१) मध्ये देल्फीन सेरिगला शनेलने सजवलं. ‘बेल द झूर’ (१९६७) मध्ये कातरीन दनव्हचे कपडे इव्ह सँ लोराँ यांचे, पायातले बकलचे बूट रोझे व्हिव्हिए यांचे. ‘ला बेल ए ला बेत’ (१९४६) युद्ध नुकतंच संपलं असताना, कापडाच्या टंचाईत बनला. चित्रकार क्रिस्तियाँ बेरार यांनी त्याचं सगळं रूप रेखाटलं, मार्सेल एस्कोफिए यांनी वेशभूषा पाहिली, आणि पाकाँ या फॅशन घराण्यात कपडे शिवले गेले. त्या कार्यशाळेत तेव्हा पिएर कार्दाँ नावाचा एक तरुण कामाला होता.

पण नीट बघा. ही घराणी बहुधा एकाच नटीला सजवतात. ‘बेल द झूर’ मध्ये बाकी सगळ्यांचे कपडे एलेन नुरी यांनी सांभाळले. किती जणांना हे नाव माहीत आहे? त्या थंड, काटेकोर सँ लोराँ कोटांचा परिणाम होतो तो आजूबाजूच्या माणसांचे कपडे तितकेच विचारपूर्वक साधे ठेवल्यामुळे. फॅशन घराण्याचं नाव पोस्टरवर मोठं येतं आणि वेशभूषाकाराचं काम त्याच्या सावलीत राहतं, ही मला फ्रेंच सिनेमाच्या इतिहासातली मोठी अन्यायाची गोष्ट वाटते.

याचा निवाडा २०१४ मध्ये जवळजवळ प्रयोगशाळेत व्हावा तसा झाला. त्या एकाच वर्षी सँ लोराँ यांच्या आयुष्यावर दोन चित्रपट आले. जालिल लेस्पेर यांच्या चित्रपटाला सँ लोराँ यांचे साथीदार पिएर बेर्झे यांचा पाठिंबा होता, म्हणून त्या दोघांच्या नावाच्या संस्थेच्या संग्रहातले अस्सल कपडे मादलीन फाँतेन यांना वापरायला मिळाले. बेर्त्राँ बोनेलो यांच्या चित्रपटाला तो संग्रह मिळाला नाही. आनाईस रोमाँ यांना सगळं नव्याने शिवून घ्यावं लागलं. अस्सल कपडा संग्रहालयातला म्हटल्यावर त्याला जपावं लागतं, त्यात घाम गाळता येत नाही, नटीच्या मापाने तो कापता येत नाही. शिवून घेतलेला कपडा मात्र नटीच्या अंगाचा असतो. दोघींनाही सेझारचं नामांकन होतं. पुरस्कार रोमाँ यांना मिळाला.

या क्षेत्रातली कोणती माणसं अभ्यासावीत?

सुरुवात जॉर्ज अनेन्कॉव्ह आणि रोझीन दलामार यांच्यापासून करा. अनेन्कॉव्ह मूळचे रशियन चित्रकार. १९२४ मध्ये देश सोडून आले. दिग्दर्शक माक्स ओफ्युल्सच्या ‘ला रोंद’, ‘ल प्लेझिर’ आणि ‘लोला मोंतेस’ या चित्रपटांचे कपडे त्यांनी केले. ‘मादाम द...’ (१९५३) मध्ये ते आणि दलामार दोघं होते, आणि त्या कामासाठी दोघांना ऑस्करचं नामांकन मिळालं. तो चित्रपट कृष्णधवल आहे. रंग हाताशी नसताना श्रीमंती कशी दाखवायची हे शिकायचं असेल तर त्यातल्या नायिकेच्या, दानिएल दारिएच्या, कपड्यांकडे बघा: सॅटिनवरून प्रकाश घसरतो, फर तो पिऊन टाकते, लेस त्याचे तुकडे करते. दलामार यांनी पुढे अनेक दशकं काम केलं. ‘फ्रेंच कॅनकॅन’ ते ‘आंझेलीक’पर्यंत त्यांच्या कामाचा पल्ला आहे.

नंतर ‘ल रतूर द मार्ताँ गेर’ (१९८२). सोळाव्या शतकातलं खेडं, शेतकरी, एक हरवलेला नवरा. नाताली झेमन डेव्हिस ही इतिहासकार सल्लागार होती आणि आन-मारी मार्शाँ यांनी कपडे केले. एकही झगमगता पोशाख नाही, नुसतं जाडंभरडं ताग आणि लोकर, तरीही ऑस्करचं नामांकन मिळालं. शेतकऱ्याचे कपडे नीट करणं राणीच्या कपड्यांपेक्षा अवघड असतं. राणीची चित्रं काढलेली असतात, शेतकऱ्याची सहसा कोणी काढत नाही.

क्रिस्तियाँ गास्क यांना चार सेझार मिळाले: ‘मादाम बटरफ्लाय’, ‘रिदिक्यूल’, ‘ल बोस्स्यू’ आणि ‘ले झादिय आ ला रेन’. शेवटचा चित्रपट २०१२ चा. जुलै १७८९, व्हर्साय, राज्य कोसळतं आहे. राणी मारी आंत्वानेत आपल्या लाडक्या सरदारणीला वाचवण्यासाठी, पुस्तकं वाचून दाखवणाऱ्या मुलीला त्या सरदारणीचा हिरवा झगा घालायला लावते आणि तिच्या जागी बग्गीत बसवते. एका झग्याने मुलीचा जीव टांगणीला लागतो. इथे कपडा कथेला सजवत नाही, कथा पुढे नेतो. हे दृश्य मी विद्यार्थ्यांना नेहमी दाखवते.

आनाईस रोमाँ यांची तीन सेझार, पिएर-झाँ लारोक यांची ‘मार्गरीत’, ‘मादम्वाझेल द झोंकिएर’ आणि ‘इल्युझियाँ पेर्द्यू’ साठीची तीन, पास्कालीन शावान यांची ‘रनुआर’ आणि ‘झाक्यूझ’ साठीची दोन, हीही नोंदवून ठेवा. सेझार पुरस्कार १९७६ पासून दिले जातात, पण वेशभूषेसाठी स्वतंत्र पुरस्कार १९८५ मध्ये सुरू झाला. पहिला इव्हॉन सासिनो द नेल यांना, ‘अँ नामूर द स्वान’ साठी.

आजच्या काळात घडणाऱ्या चित्रपटाला वेशभूषाकार लागतो का? बाजारातून कपडे आणले की झालं ना?

१९६० च्या सुमाराला फ्रेंच सिनेमात आलेल्या ‘न्यू वेव्ह’ या नव्या प्रवाहाच्या दिग्दर्शकांनाही असंच वाटत असे. पैसे नव्हते, रस्त्यावर चित्रीकरण चालायचं, नट अनेकदा स्वतःचेच कपडे घालून यायचे. त्यातून एक ताजेपणा आला हे खरं.

पण त्याच वर्षांत दिग्दर्शक झाक दमी दुसऱ्या टोकाला गेले. ‘ले पारापल्वी द शेर्बूर’ (१९६४) मध्ये नेपथ्य बेर्नार एव्हाँ यांचं आणि कपडे झाकलीन मोरो यांचे. भिंतीवरचा कागद आणि नायिकेचा झगा एकमेकांशी बोलतात. एका दृश्यात तर गरोदर नायिका भिंतीत विरघळून जाईल असं वाटतं, आणि त्या क्षणी तिची अवस्था नेमकी तीच आहे. कथा साधी, काळ तेव्हाचाच, गाव खरंच; तरी प्रत्येक बटण ठरवलेलं. पुढे त्या फिल्मचे रंग उडाले. दमी यांनी तिन्ही मूळ रंगांच्या वेगवेगळ्या कृष्णधवल प्रती जपून ठेवल्या होत्या, म्हणून १९९० च्या दशकात ते रंग परत आणता आले.

‘अमेली’ (२००१) मध्ये मादलीन फाँतेन यांनी लाल आणि हिरव्याची साथ सोडली नाही. ‘ह्युइत फाम’ (२००२) मध्ये पास्कालीन शावान यांनी आठ बायकांना आठ वेगळी रूपं दिली, की पहिल्या पाच मिनिटांत कोण कोण आहे हे चुकत नाही. आधुनिक चित्रपटातला कपडा चांगला जमला की तो कुणाच्या लक्षात येत नाही, म्हणून त्याला पुरस्कारही क्वचित मिळतो. असं काम करायची तयारी असेल तरच या वाटेला या.

शिक्षण कुठे मिळतं?

पॅरिसच्या ला फेमिस या प्रसिद्ध चित्रपट शाळेत दिग्दर्शन, छायालेखन, ध्वनी, संकलन, नेपथ्य, पटकथा असे विभाग आहेत. वेशभूषेचा स्वतंत्र विभाग नाही. हे ऐकून पुष्कळ जण चकित होतात. सिनेमाचे वेशभूषाकार फ्रान्समध्ये बहुतांशी नाटकाच्या शाळांतून येतात. लिऑंमधली एन्सात ही त्यांतली महत्त्वाची. आधी ती पॅरिसच्या र्‍यू ब्लाँशवर होती, १९९७ मध्ये लिऑंला गेली. तिथे वेशभूषेची संकल्पना आणि शिवणकाम असे दोन्ही मार्ग आहेत. स्ट्रासबूरच्या राष्ट्रीय नाट्यगृहाच्या शाळेत नेपथ्य आणि वेशभूषा एकत्र शिकवतात. त्याआधीच्या टप्प्यावर ‘दे.एन. माद’ ही तीन वर्षांची पदविका आहे, तिच्यात रंगमंचीय वेशभूषेची शाखा निवडता येते.

शिवणकाम यायलाच हवं का?

हो. चित्र काढता येणं पुरेसं नाही. कापड आडवं धरलं की उभं, तिरकस कापलं की सरळ, यावर झग्याचा पडणारा घोळ ठरतो. ते हाताला कळलेलं नसेल तर तुम्ही शिंप्याला काय सांगणार? ज्यांना लवकर सुरुवात करायची आहे त्यांना मी एकच सांगते: आजीचा जुना झंपर उसवून, त्याचे तुकडे कागदावर ठेवून, पुन्हा जोडून बघा.

पोटापाण्याचं कसं? पगार नियमित असतो का?

नोकरी अशी नसतेच. फ्रान्समध्ये चित्रपटाचे तंत्रज्ञ प्रत्येक चित्रपटासाठी ठराविक मुदतीच्या करारावर काम करतात. दोन चित्रपटांमधल्या रिकाम्या काळात त्यांना ‘अँतेर्मितांस’ नावाच्या बेकारी विमा योजनेचा आधार मिळतो. अट अशी: १२ महिन्यांत ५०७ तास काम झालेलं असलं पाहिजे. तंत्रज्ञांना विमा नियमांचं आठवं परिशिष्ट लागू होतं. एखाद्या मोठ्या चित्रपटाच्या तयारीत आणि चित्रीकरणात हे तास भरून निघू शकतात. नवख्याला मात्र दोन दिवस इथे, आठवडा तिथे असं जोडावं लागतं. म्हणून वर्षभर जाहिरात, टीव्ही मालिका, नाटक असं सगळं चालू ठेवलं जातं. शिवाय चित्रपट उद्योगाचा सामूहिक करार आहे, त्यात प्रत्येक पदाचं किमान साप्ताहिक वेतन ठरलेलं आहे. अगदी कमी खर्चाच्या चित्रपटांना काही सवलती आहेत.

हा उद्योग उभा राहतो तो एका जुन्या व्यवस्थेमुळेही. १९४६ मध्ये स्थापन झालेलं राष्ट्रीय सिनेमा केंद्र थिएटरच्या प्रत्येक तिकिटामागे १०.७२ टक्के कर घेतं आणि तो पैसा पुन्हा चित्रपट बनवण्याकडे वळवतं. महागडे ऐतिहासिक चित्रपट फ्रान्समध्ये सातत्याने बनतात, कार्यशाळा चालू राहतात आणि पुढच्या पिढीला हात बसवायला जागा मिळते, यात या पैशाचाही मोठा वाटा आहे. आपल्याकडे असं काही असतं तर किती कारागीर टिकले असते, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

कायद्याने वेशभूषाकार चित्रपटाचा सहलेखक मानला जातो का?

नाही. फ्रेंच कायदा चित्रपटाचे लेखक म्हणून काही जणांना गृहीत धरतो: पटकथाकार, रूपांतरकार, संवादलेखक, चित्रपटासाठी खास संगीत देणारा संगीतकार आणि दिग्दर्शक. वेशभूषाकार त्या यादीत नाही. तुमची रेखाटनं मात्र स्वतंत्र कलाकृती म्हणून संरक्षण मागू शकतात, म्हणून प्रत्येक चित्रावर सही आणि तारीख घाला आणि करारात त्यांचा उल्लेख करून घ्या. फ्रान्समधल्या वेशभूषाकारांची ‘आफ्का’ नावाची संघटना आहे. श्रेय, काम करण्याच्या अटी, व्यवसायाची ओळख या गोष्टींसाठी तरुणांनी अशा संघटनेशी लवकर जोडून घ्यावं.

मी महाराष्ट्रातून जाऊन तिथे काम करू शकेन का?

परकी माणसं या कपडेपटात नेहमीच होती. अनेन्कॉव्ह रशियन. ‘लेझाँफाँ द्यू पारादी’ (१९४५) चे कपडे करणारे मायो इजिप्तमधल्या पोर्ट सैदमध्ये जन्मलेले, ग्रीक वंशाचे. ‘सिरानो द बेर्झराक’ (१९९०) साठी ऑस्कर मिळवणाऱ्या फ्रांका स्क्वार्चापिनो इटालियन. ‘ला रेन मार्गो’ (१९९४) च्या मॉयडेले बिकेल जर्मन. ‘पो दान’ (१९७०) मधले अशक्य झगे आगोस्तिनो पाचे आणि जित मग्रिनी या इटालियन मंडळींनी घडवले. त्यातला एक झगा ‘हवामानाच्या रंगाचा’ हवा होता. तो सिनेमाच्या पडद्याच्या कापडाचा शिवला आणि त्यावर सरकते ढग प्रक्षेपित केले.

आणि आपल्याकडे कोल्हापूरच्या भानू अथैया होत्या. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये चित्रकला शिकलेल्या, आणि ‘गांधी’ साठी १९८३ मध्ये जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर घेणाऱ्या पहिल्या भारतीय. त्याच्या पुढच्याच वर्षी आन-मारी मार्शाँ यांचे शेतकरी त्या यादीत होते. साध्या खादीचं काम आणि साध्या तागाचं काम ऑस्करच्या यादीत असं लागोपाठ आलं याचा मला फार आनंद वाटतो.

व्यवहाराचं बोलायचं तर पहिली अडचण भाषेची. नट मापाच्या बैठकीत स्वतःच्या शरीराबद्दल, लाजेबद्दल बोलतो, आणि ते तुम्हाला त्याच्या भाषेत कळलं पाहिजे. मुंबई आणि पुण्यातल्या आलियाँस फ्रांसेझमध्ये शिकायला सुरुवात करा आणि निदान बी-२ पातळी (म्हणजे सफाईने बोलता येईल इतकी) गाठा. दुसरं, नुसता फॅशनचा पोर्टफोलिओ घेऊन जाऊ नका. एक पटकथा किंवा नाटक घ्या, त्यातल्या एकाच पात्राची पूर्ण फोड करा, त्याचा एक कपडा प्रत्यक्ष शिवा आणि जुना करा. नऊवारी, बाराबंदी, पगडी हे तुम्हाला अंगाने माहीत असलेलं ज्ञान आहे. न शिवलेलं कापड शरीरावर कसं बसतं हे युरोपात शिकवावं लागतं. तुम्ही ते घरात बघत मोठे झालात. प्रवेशपरीक्षेत ते दाखवा.

चित्रपट संपल्यावर कपड्यांचं काय होतं?

भाड्याचे परत जातात, उसवले जातात, दुसऱ्या मापाने पुन्हा शिवले जातात. कधी एकाच जाकिटाच्या आत वेगवेगळ्या चित्रपटांतल्या नटांच्या नावाच्या पट्ट्या सापडतात. नव्याने शिवलेले निर्मात्याचे असतात आणि बहुधा विकले जातात. काही निवडक ‘सिनेमातेक फ्रांसेझ’ या पॅरिसच्या चित्रपट-संग्रहालयात पोचतात.

नाटक, ऑपेरा आणि बॅले यांच्या कपड्यांसाठी मात्र फ्रान्सने अख्खी संस्था उभी केली. मुलाँ या छोट्या गावात, घोडदळाच्या जुन्या बराकीत, २००६ मध्ये राष्ट्रीय वेशभूषा केंद्र उघडलं. प्रसिद्ध बॅले नर्तक रुडॉल्फ नुरेयेव्हचे पोशाखही तिथे आहेत. पॅरिसच्या बेर्सी स्टेशनवरून क्लेर्मों-फेराँच्या गाडीत बसलात तर साधारण अडीच तासांत मुलाँ येतं. दालनांत उजेड अगदी मंद ठेवतात, कारण प्रकाशाने कापड मरतं. डोळे सरावायला दोन मिनिटं द्या, मग काचेच्या शक्य तितकं जवळ उभं राहून बाहीच्या आतली बाजू बघा. घामाचे डाग, उसवून पुन्हा घातलेले टाके, कुणीतरी घाईत लावलेलं वेगळ्याच रंगाचं बटण, सगळं तिथे अजून आहे.